ओळख न सांगणारी फाइल हाती आली तर

सांगलीत जुन्या छापखान्यांची, नाट्यमंडळांची, सोसायट्यांची दप्तरं डिजिटल करायच्या कामात नवीन मुलं आली की स्कॅनिंग पटकन शिकतात. अडतात ती वेगळ्याच ठिकाणी. कुणीतरी जुनी सीडी टेबलावर ठेवतं, "बघा की जरा, यात काय हाय." आत एकच फाइल असते. नाव 'फायनल२', एक्स्टेन्शन (.doc, .pdf असली शेपटी) नाही, सोबत कसली नोंद नाही.

डबल क्लिक करायचं नाही. आधी नक्कल काढा, मूळ प्रत बाजूला ठेवा आणि फाइलचा एसएचए-२५६ हॅश, म्हणजे आतल्या मजकुरावरून निघणारा ठसा, वहीत उतरवा. आतला एक बिट बदलला तरी हा हॅश बदलतो, त्यामुळे पुढे वाद उरत नाही. व्हायरसची शंका असेल तर व्हायरसटोटल या तपासणीच्या वेबसाइटवर फाइल चढवू नका, फक्त हॅश शोधा. सभासदांची खाती आत असतील तर ती परक्या सर्व्हरवर कशाला?

मग हेक्स एडिटरमध्ये, म्हणजे फाइलचे बाइट आकडे-अक्षरांच्या जोड्यांत दाखवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, उघडा. नाव कुणीही बदलतं, पण पहिले काही बाइट सहसा खरं बोलतात. २५ ५० ४४ ४६ म्हणजे पीडीएफ. एफएफ डी८ एफएफ म्हणजे जेपीईजी. ५० ४बी दिसलं की झिप. हे दोन बाइट म्हणजे 'पीके' ही अक्षरं, झिपचा कर्ता फिल कॅट्झ याची आद्याक्षरं. पण झिपवर थांबू नका, कारण वर्डची डीओसीएक्स फाइलही आतून झिपच असते. लग्नपत्रिकांच्या धंद्यातली कोरलड्रॉची फाइल तर दोन्ही रूपांत भेटते: एक्स३ आवृत्तीपर्यंतची 'रिफ' अक्षरांनी सुरू होते, एक्स४ पासून झिप. लिनक्सवर 'फाइल' ही आज्ञा हे सगळं क्षणात सांगते, तरी सुरुवातीला स्वतःच्या डोळ्यांनी बघाच.

आपल्याकडची खरी डोकेदुखी यापुढची. फाइल साधी टेक्स्ट निघते, पण आत इंग्रजी अक्षरांचा नुसता गोंधळ. ती बिघडलेली नसते. युनिकोड (प्रत्येक लिपीच्या अक्षराला स्वतःचा क्रमांक देणारी पद्धत) रुळण्याआधी श्रीलिपी, आकृती, सीडॅकचं आयएसएम, कृतिदेव यांचे फॉन्ट इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी आकार बसवत. कृतिदेवमध्ये 'सांगली' असं साठतं: एल, के, ए, एक्स, वाय, एच. यातला 'के' म्हणजे काना. मराठीत काना सारखा येतो, म्हणून एकच अक्षर जागोजागी दिसलं की तो काना धरून बघायचं. वर्डच्या जुन्या फाइलमध्ये फॉन्टचं नाव आत कुठेतरी सापडतं. साध्या टेक्स्टमध्ये ते नसतं, तिथे एकेक फॉन्ट लावून बघण्याला पर्याय नाही.

कन्व्हर्टरने युनिकोड केलं म्हणजे काम संपलं असं समजणारे पुष्कळ. या फॉन्टांत ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी टाइप होते आणि रफार नंतर. युनिकोडमध्ये दोन्ही उलट. म्हणून 'स्थिती', 'कार्य', 'वार्षिक' असले शब्द मुद्दाम शोधून तपासा. तिथे नीट निघालं तर बाकीचं बहुधा ठीक असतं.

तारखांवर फार विसंबू नये. नक्कल करताना 'तयार केल्याची' तारीख बदलते. १ जानेवारी १९८० दिसली तर फाइल तेवढी जुनी नसते. डॉस या विंडोजआधीच्या प्रणालीची तारखांची मोजणीच तिथून सुरू होते, बहुधा त्या मशीनच्या घड्याळाची बॅटरी संपलेली.

शेवटी अभिप्राय लिहायचा तो दोन रकान्यांत: काय दिसलं आणि त्यावरून आपण काय धरलं. 'पहिले बाइट अमुक, आकार इतका' हे पहिल्यात. 'नाटकाची तालमीची प्रत असावी, कारण पात्रांच्या नावांपुढे विसर्ग आणि मध्येच प्रवेश तोडलेला' हे दुसऱ्यात. 'असावी' हा शब्द खोडायचा आग्रह मालक धरतात, खोडू नका.

आणि सीडी आणणाऱ्याला जाऊ देण्याआधी एवढं विचारून घ्या, की त्या काळी तुमच्याकडे टायपिंग कोण करायचं. तो ऑपरेटर सापडला तर तो गोंधळाची एक ओळ बघूनच फॉन्ट सांगून टाकतो.