तीन पेडांचा खाला: शुक्रवारचा ज्यू पाव घरच्या ओव्हनमध्ये

या पावाचं नाव मराठीत लिहिताना पंचाईत होते. स्पेलिंग पाहून लोक ‘चल्ला’ वाचतात आणि ‘हल्ला’ लिहावं तर भलताच अर्थ निघतो. हिब्रू उच्चार घशातून काढलेल्या ख-च्या जवळचा, म्हणून इथे खाला. मध्य आणि पूर्व युरोपातल्या अश्केनाझी ज्यूंचा हा शब्बाथचा, म्हणजे शुक्रवार संध्याकाळपासून शनिवार संध्याकाळपर्यंतच्या विश्रांतीच्या दिवसाचा, पाव. शुक्रवारी संध्याकाळी टेबलावर कापडाखाली दोन खाला झाकलेले असतात, कारण धर्मग्रंथातल्या कथेप्रमाणे वाळवंटात भटकणाऱ्या पूर्वजांना शब्बाथच्या आदल्या दिवशी मान्ना, म्हणजे आकाशातून पडणारं अन्न, दुप्पट मिळालं होतं. कोकणातल्या बेने इस्राएल ज्यू घरांमधला, म्हणजे आपल्या शनवार तेल्यांकडचा, हा मूळचा पाव नव्हे. एक शिस्त मात्र दोन्हीकडे सारखी: मांसासोबत दूध चालत नाही. त्यांच्या रश्शात म्हणून नारळाचं दूध येतं, आणि खाल्यात लोण्याऐवजी तेल. तेव्हा लोण्याचा मोह आवरा.

दोन पावांसाठी: मैदा ५०० ग्रॅम, इन्स्टंट यीस्ट ७ ग्रॅम, साखर ५० ग्रॅम, मीठ दीड चमचा, बिनवासाचं तेल ६० मिली, अंडी २, कोमट पाणी साधारण १८० मिली. वरून लावायला आणखी १ अंडं आणि तीळ किंवा खसखस. युरोपात काळसर खसखस वापरतात. आपली पांढरी भाजल्यावर दिसतही नाही, मी सरळ तीळ लावते.

अंडी एकेक करून वाटीत फोडा. रक्ताचा ठिपका दिसला तर कोशेर, म्हणजे ज्यू आहारनियम पाळणाऱ्या, स्वयंपाकात ते अंडं बाद. सगळं एकत्र करा, पण पाणी थोडं हातचं राखून, कारण प्रत्येक मैदा सारखं पाणी पीत नाही. मग दहा मिनिटं चांगलं मळा. पुरीपेक्षा सैल, पोळीच्या कणकेसारखा आणि बोटाला जेमतेम चिकटणारा गोळा हवा. तेलाचा हात लावून झाकून ठेवा. दुप्पट व्हायला थंडीत दीड-दोन तास लागतात, मे महिन्यात पाऊण तासही पुरतो. घड्याळ नको, गोळा बघा.

खाला हे नाव खरं तर या टप्प्यावर बाजूला काढायच्या तुकड्याचं. पूर्वी तो पुरोहिताचा वाटा असे. आता लिंबाएवढा तुकडा काढून जाळतात. अर्ध्या किलो मैद्याला हा नियम लागत नाही.

आता वेणी. गोळ्याचे सहा सारखे भाग करा, वजनकाट्यावरच, प्रत्येकी दीडशे ग्रॅमच्या आसपास. प्रत्येकाची साधारण ३५ सेंमी लांब वळी करा, मधे जाड, टोकांना निमुळती. वळी आखडून मागे येत असेल तर ओढाताण करू नका. झाकून दहा मिनिटं सोडा, मग ऐकते. ओट्यावर पीठ भुरभुरू नका, वळी नुसती घसरत राहते.

तीन वळ्या शेजारी ठेवून वेणी मधून सुरू करा: अर्धी खाली विणा, मग पाट फिरवून उरलेली अर्धी. टोकापासून सुरू केली तर एक बाजू बारीक होते. टोकं चिमटून खाली दुमडा. माझा पहिला खाला इथेच फसला. शाळेत जाणाऱ्या मुलीची वेणी घालायची सवय, म्हणून पेड घट्ट ओढले. ओव्हनमध्ये पाव फुगला आणि जागा नसल्याने कडेला सांध्यावर उभा फाटला. केसांची वेणी संध्याकाळपर्यंत टिकावी लागते; याच्या पेडांना फुगायला जागा हवी. इतकी सैल विणा की विस्कटेल की काय असं वाटावं.

ट्रेवर बेकिंग पेपर घालून दोन्ही वेण्या अंतर सोडून ठेवा. फेटलेलं अंडं ब्रशने लावा आणि पाऊण तास फुगू द्या. बोटाने हलकेच दाबल्यावर खळगा सावकाश भरून आला, की तयार. पुन्हा अंडं लावा. चकाकी या दुसऱ्या हाताने येते. मग तीळ. आधीच तापवलेल्या ओव्हनमध्ये १८० अंशांवर २५ ते ३० मिनिटं. साखर आणि अंड्यामुळे रंग लवकर चढतो, त्याला फसू नका. पाव उलटा करून टिचकी मारा, पोकळ आवाज आला पाहिजे. वरून आधीच काळवंडायला लागला तर फॉइल झाका.

रोश हशाना या नववर्षाला हाच पाव गोल वळतात, बरेचदा मनुका घालून. सहा पेडांची वेणीही असते. ती तिपेडी हातात बसल्यावर.

जाळीवर पूर्ण निवू द्या, गरम कापला तर आत गिचका होतो. जेवताना तुकडा मिठात टेकवून खातात. रविवारी उरलेल्या चकत्या दूध-अंड्यात बुडवून तव्यावर परता. सोबत मांस नसेल तर तिथे दूध चालतं.