घरातल्या गिरणी कामगाराचा, विडीवालीचा इतिहास कसा लिहायचा: थॉम्पसनची पद्धत

सोलापूरच्या पूर्व भागात गिरणीत, मागावर नाहीतर विड्या वळण्यात आयुष्य गेलेलं माणूस जवळपास घरटी सापडतंय, आणि बहुतेकांबद्दल कुठं एक ओळ लिहिलेली नाही. आता ती आपणच लिहायची, आणि कसं लिहायचं ते ई. पी. थॉम्पसनकडून शिकायचं.

१९२४ ला ऑक्सफर्डला जन्मलेला हा मार्क्सवादी इतिहासकार. १९५६ ला हंगेरीत सोव्हिएत रणगाडे घुसले तेव्हा त्यानं कम्युनिस्ट पक्ष सोडला, कामगारांची बाजू मात्र शेवटपर्यंत, म्हणजे १९९३ पर्यंत सोडली नाही. लीड्सकडं प्रौढांचे संध्याकाळचे वर्ग घेता घेता त्यानं 'द मेकिंग ऑफ द इंग्लिश वर्किंग क्लास' लिहिलं, ते १९६३ ला आलं. यंत्रापुढं हरलेला हातमाग विणकर त्यात मानानं उभा आहे, म्हणजे आपलाच माणूस की! पण पुस्तक आठशेच्या वर पानांचं आहे, त्यामुळं सुरुवात त्याच्या १९६७ च्या लेखापासून करा, कारखान्याच्या घड्याळानं कामगाराचा दिवस कसा बदलला त्यावरचा.

तो वाचला की आजोबांना काय विचारायचं ते आपोआप सुचतं. कामाला कधी लागला हे नंतर विचारा, आधी भोंगा विचारा. पहिला भोंगा झाला की घरात काय चालू असायचं, गेटवर उशीर झाला तर काय व्हायचं, रातपाळी करून आल्यावर एका खोलीत झोप कशी लागायची. आणि घरी माग असेल तर सुट्टी कोण ठरवायचं?

मग राग विचारा, हे सगळ्यात महत्त्वाचं. अठराव्या शतकात इंग्लंडमध्ये धान्यावरून दंगे झाले, थॉम्पसननं दाखवलं की ती नुसती भुकेची लुटालूट नव्हती, लोक कितीदा धान्य ताब्यात घेऊन रास्त भावानं विकायचे आणि पैसे मालकाला द्यायचे. म्हणजे काय रास्त नि काय नाही, याचा हिशोब लोकांच्या डोक्यात पक्का होता. विडीवाल्या मावशींना विचारा, पान खराब आलं तर तोटा कुणाचा, खराब म्हणून बाजूला काढलेल्या विड्यांचं काय व्हायचं, हजारामागं मजुरी किती. आकडा लिहाच, पण तो सांगताना आवाज कुठं चढला तेही लिहा.

कागद उलटे वाचायला शिका. १९३० च्या मे महिन्यात इंग्रज सरकारनं इथं मार्शल लॉ, म्हणजे लष्करी अंमल लावला, १२ जानेवारी १९३१ ला मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा यांना फाशी दिली. त्या काळचे सरकारी कागद सरकारच्याच नजरेनं लिहिलेत, तरी त्यात कामगार काय बोलत होते, कुठं जमत होते ते सापडू शकतं. थॉम्पसन तर गुप्तहेरांचे रिपोर्टसुद्धा असेच वाचायचा.

त्याच्या पुस्तकात बायका मागं राहिल्या अशी टीका इतिहासकार जोन स्कॉटनं केली आणि ती मला पटते, म्हणून घरातल्या आजीपासूनच सुरू करा. ती तेलुगूत बोलत असेल तर तेलुगूतच बोलू द्या, मोबाईलवर रेकॉर्ड करा, मराठी नंतर करता येईल. लिहून झालं की तिला वाचून दाखवा आणि "असं नव्हतं रे" म्हणाली तर तुमचं वाक्य खोडू नका, तिचं शेजारी लिहा.