अपूर्णांकांची समीकरणे: चाचणीच्या आदल्या संध्याकाळची तयारी

उद्या आठवीची घटक चाचणी आणि तीत एका चलातील समीकरणे, तर आज नवी गणिते शोधत बसू नकोस. कोरे कागद, पेन्सिल आणि वहीतली चुकलेली चार-पाच उदाहरणे घे. चुकलेलीच घे, कारण उद्या घात होईल तर तिथेच.

आधी छेदांचा लसावि, म्हणजे सगळ्या छेदांनी भाग जाणारी सर्वांत लहान संख्या, तोंडी म्हणून बघ. ४ आणि ६ चा १२, ६ आणि ८ चा २४. ४ आणि ६ असताना २४ ने गुणले तरी उत्तर चुकत नाही, पण आकडे उगाच फुगतात आणि मग साध्या वजाबाकीत गडबड होते.

मग सजातीय पदे. क्ष असलेल्या पदांखाली सरळ रेघ ओढ, नुसत्या संख्यांखाली नागमोडी. सरळ रेघवाली आपसांत मिळवायची, नागमोडी आपसांत. ५क्ष आणि ५ यांचे १०क्ष कधीच होत नाहीत. बाराव्या शतकात भास्कराचार्य अज्ञात संख्येला ‘यावत्तावत्’ म्हणत, थोडक्यात ‘या’ लिहीत, आणि ज्ञात संख्येसाठी ‘रू’, म्हणजे रूप. दोघांना वेगळी नावे असल्यामुळे ती एकमेकांत मिसळायचा प्रश्नच येत नसे. मला ही पद्धत फार आवडते. आणि हो, एकटा क्ष म्हणजे १क्ष, तो मोजायचा राहू देऊ नकोस.

आता सगळ्यात जास्त वेळ या एका गणिताला दे: क्ष/२ − (क्ष − ३)/५ = ३. अंशात दोन पदे दिसली की पहिले काम कंस घालण्याचे, कारण अपूर्णांकाची आडवी रेघ म्हणजे न लिहिलेला कंसच. लसावि १०. प्रत्येक पदाला १० ने गुण, उजवीकडच्या ३ लासुद्धा: ५क्ष − २(क्ष − ३) = ३०. इथे श्वास घे. कंस सोडवला की ५क्ष − २क्ष + ६ = ३०. हा अधिक ६ बऱ्याच वह्यांमध्ये वजा ६ झालेला असतो आणि उत्तर १२ येते. पुढे ३क्ष = २४, क्ष = ८.

पडताळा लगेच घे आणि तो मूळ समीकरणातच घे, मधल्या ओळीत नको. मधली ओळच चुकली असेल तर ती चुकीच्या उत्तरालाही हो म्हणेल. ८ चे निम्मे ४, ५ भागिले ५ म्हणजे १, वजाबाकी ३. जुळले. उजवीकडचा ३ गुणायचा राहिला असता तर क्ष = −१ आले असते आणि मूळ समीकरणाची डावी बाजू ०.३ भरली असती, म्हणजे ३ चा नेमका दहावा भाग. असा दहावा भाग दिसला की कोणते पद गुणायचे राहिले ते लगेच कळते.

तिरका गुणाकार, म्हणजे एका बाजूचा अंश गुणिले दुसऱ्या बाजूचा छेद, दोन्ही बाजूंना एकेकच अपूर्णांक असेल तेव्हाच. प्रश्न वाचताना ‘सोडवा’ आहे की ‘सोपे रूप द्या’ आहे ते पाहा. बरोबरचे चिन्ह नसेल तर छेद उडवता येत नाही, तो शेवटपर्यंत खाली ठेवायचा.

दप्तरात पट्टी टाक. उत्तरपत्रिकेच्या उजव्या कडेला कच्च्या कामासाठी रेघ मारून घे आणि प्रत्येक पायरी नव्या ओळीवर लिही, बरोबरची चिन्हे एकाखाली एक येतील अशी.