पेठेतल्या वाड्यात शूट करण्याआधी

आज माहितीपट, उद्या शॉर्टफिल्म, परवा कारखान्याची जाहिरात. स्वतंत्रपणे काम करणाऱ्या सिनेमॅटोग्राफरला तिन्हीकडे तारते ती रेकी, म्हणजे शूटआधी जागा बघून येणं. पुण्यातल्या पेठेतला जुना वाडा घेऊ.

रेकीला शूटच्या वेळेलाच जा. चौकात थेट ऊन उतरतं ते दुपारी थोडा वेळ. एरवी खोलीत येतो तो समोरच्या भिंतीवरून परतलेला उजेड. भिंत पिवळी असेल तर चेहराही पिवळा. एकाच जागेवरून दर तासाला मोबाइलवर फोटो काढा आणि शॉटचा क्रम त्यावरून लावा.

मग वीज. ६ अँपिअरच्या साध्या प्लगवर १००० वॉटच्या पुढे जाऊ नका. १६ अँपिअरचा पॉइंट बहुधा गिझरचाच असतो, म्हणून लांब, जाड वायरचं एक्स्टेन्शन न्या. ते पूर्ण उलगडूनच वापरा. गुंडाळलेली वायर तापून वितळते. गुरुवार टाळलेला बरा, दुरुस्तीसाठी वीज बंद असू शकते.

सगळ्यात जास्त फसवतो तो फ्लिकर. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे जुनी ट्यूब किंवा स्वस्त एलईडी सेकंदाला १०० वेळा उजळते-मंदावते. शटर म्हणजे प्रत्येक फ्रेमला किती वेळ उजेड मिळतो ते, आणि ते अंशांत मोजतात. सेकंदाला २४ फ्रेम असताना १८० अंशांचं शटर म्हणजे १/४८ सेकंद. दर फ्रेमला उजेड थोडा वेगळा पडतो आणि चित्र धडधडतं. शटर १७२.८ अंश करा, म्हणजे नेमकं १/५०. १२० फ्रेमच्या स्लो मोशनला मात्र शटरचा इलाज नाही. तिथे घरातले दिवे बंद करून आपले फ्लिकर नसलेले लावायचे. तरीही दहा सेकंद शूट करून मॉनिटरवर बघाच.

दिवा शक्य तितका लांब, खिडकीबाहेर ठेवा. नट दिव्यापासून १ मीटरवर असेल आणि आणखी १ मीटर मागे सरकला, तर उजेड पावपट होतो, दोन स्टॉप गेले (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा). तोच दिवा ४ मीटरवर असेल तर तेवढ्याच हालचालीत साधारण एक-तृतीयांश उजेड कमी होतो. नटाला मोकळं फिरू द्यायचं असेल तर हे अंतर सांभाळायलाच हवं. मऊ उजेडासाठी पांढरी मलमल ताणा. कोरा मांजरपाट पिवळट असतो, त्याची छटा त्वचेवर उतरते. सावली भरायला थर्माकोल पुरतं.

पावसाळ्यात एसी गाडीतून काढलेली लेन्स लगेच उघडू नका. बॅगेतच अर्धा तास राहू द्या, नाहीतर काचेवर वाफ धरते.

सेकंदाला ४०० मेगाबिटने रेकॉर्ड केलं तर कार्डावर तासाला १८० जीबी भरतात. दोन वेगळ्या ड्राइव्हवर कॉपी होऊन फाइल उघडून बघेपर्यंत कार्ड फॉरमॅट करू नका.