मॉड काढले तरी ऑनलाइन जाऊ देत नाही? गेम परत डाउनलोड करायच्या आधी हे करून बघा

राजेंद्रनगरला माझा भाऊ राहतो, त्याचा मुलगा इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. मागच्या महिन्यात रात्री साडेदहाला त्याचा फोन आला, आत्या जीटीए ऑनलाइनमध्ये जाऊच देत नाहीये, फाइल्स बदललेल्या आहेत म्हणतं आणि बंद होतं, तिकडे बडोद्याला दादा कधीचा हेडफोन लावून बसलाय. जीटीए ऑनलाइन म्हणजे जीटीए ५ या गेमचा मित्रांबरोबर इंटरनेटवर खेळायचा भाग, आणि त्याने गेममध्ये मॉड टाकले होते, म्हणजे गेम बदलायला बाहेरच्या लोकांनी बनवलेल्या फाइल्स. मी विचारलं काय काय करून झालं, तर म्हणाला सगळंच. पीसी एका दुकानात नेला, त्यांनी विंडोज फॉरमॅट करून पैसे घेतले, एरर तीच. मग गेम अनइन्स्टॉल करून परत डाउनलोडला लावला, शंभर जीबीच्या वर आहे तो, दोन रात्री पीसी चालू ठेवला, मधेच पाऊस आणि लाइट गेली तर उठून परत चालू केलं, आणि एवढं करून एरर पुन्हा तीच. मला खरंच वाईट वाटलं, कारण हे काम अर्ध्या-पाऊण तासाचं आहे, फक्त कुठे बघायचं ते कुणी नीट सांगत नाही. म्हणून त्या रात्री फोनवर त्याच्याकडून जे जे करून घेतलं ते इथे लिहितेय.

आधी हे समजून घ्या की गेमला कळतं कसं. प्रत्येक फाइलच्या मजकुरावरून एक ठराविक आकडा निघतो, त्याला हॅश म्हणतात, आणि फाइलमध्ये एक अंक जरी बदलला तरी तो हॅश पूर्ण वेगळा येतो. बँकेत चेकवरची सही त्यांच्याकडच्या नमुन्याशी ताडून बघतात ना, तसंच. स्टीमकडे, म्हणजे जिथून गेम विकत घेऊन डाउनलोड करतो त्या ॲपकडे, प्रत्येक गेमची यादी असते, फाइल्सचे साधारण एकेक एमबीचे तुकडे आणि त्यांचे हॅश. ईझी अँटी-चीट किंवा बॅटलआयसारखे, ऑनलाइन खेळात लबाडी पकडणारे प्रोग्रॅम (त्यांनाच अँटी-चीट म्हणतात) शिवाय आपली वेगळी तपासणी करतात, गेम चालू होताना आणि चालू असतानाही. माझ्या भाच्याने रिक्षाचा मॉड टाकला होता आणि एका गाडीचा स्पीड वाढवायला हँडलिंगच्या फाइलमध्ये एक आकडा बदलला होता, बस एवढंच, पण सही जुळली नाही म्हणजे नाही जुळली.

आता सगळ्यात महत्त्वाची गोष्ट, इथेच बहुतेक लोक अडकतात. गडबड दोन प्रकारची असते. एक म्हणजे गेमची मूळ फाइल बदललेली किंवा गायब आहे. दुसरी म्हणजे मूळ फाइल्स सगळ्या ठीक आहेत पण फोल्डरमध्ये बाहेरची जास्तीची फाइल येऊन बसलीय. स्टीमचं व्हेरिफाय, म्हणजे फाइल्स त्या यादीशी ताडून बघायची सोय, पहिला प्रकार दुरुस्त करतं, दुसऱ्याला हातही लावत नाही, कारण त्याच्या यादीत ती फाइलच नाही. आणि अनइन्स्टॉल केलं तरी स्टीम फक्त त्याने स्वतः टाकलेल्या फाइल्स उचलतं, तुम्ही टाकलेल्या तिथेच राहतात, मग त्याच फोल्डरमध्ये परत इन्स्टॉल केलं की त्या पुन्हा गेमबरोबर लोड होतात. भाच्याच्या दोन रात्री यातच गेल्या. फॉरमॅटने पण काही होणार नव्हतं, फॉरमॅट सी ड्राइव्ह झाला आणि गेम होता डी ड्राइव्हवर.

तर करायचं असं. सुरुवातीला सेव्ह फाइल्सची, म्हणजे खेळात जिथवर पोचलात त्या नोंदीची, कॉपी काढून ठेवा. जीटीए ५ चे सेव्ह डॉक्युमेंट्समधल्या रॉकस्टार गेम्सच्या फोल्डरमध्ये असतात, ते पूर्ण फोल्डर पेनड्राइव्हवर टाका, दोन मिनिटं लागतात आणि नंतर रडायची वेळ येत नाही.

मग स्टीमच्या लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, मॅनेज, ब्राउज लोकल फाइल्स, म्हणजे गेमचं फोल्डर उघडेल. व्ह्यूमध्ये डिटेल्स करा आणि डेट मॉडिफाइडवर क्लिक करून तारखेप्रमाणे लावा. गेमच्या फाइल्स साधारण इन्स्टॉल किंवा अपडेटच्या तारखांना एकत्र दिसतात आणि तुम्ही टाकलेल्या वेगळ्याच तारखेला सुट्या पडलेल्या दिसतात. भाच्याला म्हटलं वाचून दाखव, तो वाचत गेला आणि मी ओळखत गेले: स्क्रिप्टहुकव्ही डॉट डीएलएल, डीइनपुट८ डॉट डीएलएल, ओपनआयव्ही डॉट एएसआय, अजून दोनतीन ज्यांच्या नावाच्या शेवटी एएसआय, एक स्क्रिप्ट्स नावाचं फोल्डर आणि एक मॉड्स नावाचं. हीच ती मंडळी. यातला स्क्रिप्टहुक तर ऑनलाइनमध्ये गेलात की स्वतःच गेम बंद करतो, बनवणाऱ्याने मुद्दाम तसं केलंय, म्हणजे कधीकधी तुम्हाला अडवणारा गेम नसतोच, तुमचाच मॉड असतो. ग्राफिक्स सुंदर दिसावं म्हणून रीशेड टाकलं असेल तर डीएक्सजीआय डॉट डीएलएल शोधा, ते लोक हमखास विसरतात कारण त्यांच्या मते तो मॉड नाही, नुसता फिल्टर आहे. अँटी-चीटला तो फरक कळत नाही.

डिलीट करू नका. त्याच ड्राइव्हवर मॉड-बाहेर असं एक फोल्डर करा आणि सगळं कट करून तिथे पेस्ट करा, ड्राइव्ह तोच असल्याने क्षणात होतं. एखादी फाइल गेमची की मॉडची असा डाउट आला तरी बिनधास्त हलवा, कारण आता पुढची पायरी व्हेरिफायची, खरीच गेमची फाइल असेल तर स्टीम तिला परत आणून ठेवेल. हलवायचं आधी आणि व्हेरिफाय नंतर, एवढा क्रम सांभाळा, बाकी घाबरण्यासारखं यात काही नाही.

व्हेरिफायसाठी गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, इन्स्टॉल्ड फाइल्स, आणि तिथे व्हेरिफाय इंटिग्रिटी ऑफ गेम फाइल्स. एपिकमध्ये गेमच्या तीन टिंबांवर क्लिक करून मॅनेजमध्ये आहे, रॉकस्टारच्या लाँचरमध्ये सेटिंग्जमध्ये इन्स्टॉल्ड गेम्सखाली, ईए ॲपमध्ये त्यालाच रिपेअर म्हणतात. जुनी हार्डडिस्क असेल तर वेळ लागतो, मधे थांबवू नका, चहा करा. शेवटी एखादी फाइल फेल झाली, परत घेऊ असं आलं आणि दरवेळी ती एकच येत असेल तर काळजी नको, काही गेम चालू होताना स्वतःच्या सेटिंगची फाइल परत लिहितात, तिचा हॅश कधीच जुळणार नाही.

एवढं झाल्यावर पीसी रीस्टार्ट करून गेम लावा. आमच्याकडे आता फाइल्सची एरर गेली होती पण वेगळाच मेसेज आला, बॅटलआयबद्दल. सप्टेंबर २०२४ पासून पीसीवर जीटीए ऑनलाइनला बॅटलआय लागतंच, आणि मॉड चालवायचे तर ते बंद करावं लागतं, मग लोक ते एकदा बंद करतात आणि विसरून जातात. भाच्याला म्हटलं प्रॉपर्टीजमध्ये जनरलला लाँच ऑप्शन्सच्या (गेम चालू करताना द्यायच्या सूचनांच्या) चौकटीत काय लिहिलंय बघ, तर तिथे होतंच, डॅश नोबॅटलआय. कुठल्या तरी व्हिडिओत बघून तीन महिन्यांपूर्वी टाकलेलं. फोल्डर कितीही साफ केलं असतं तरी हे तिथेच राहिलं असतं, कारण लाँच ऑप्शन गेमच्या फोल्डरमध्ये नसतोच, स्टीमकडे असतो. ते खोडलं, रॉकस्टार लाँचरच्या सेटिंगमध्ये बॅटलआय चालू आहे ना ते बघितलं, आणि गेला ऑनलाइन. सव्वाअकरा झाले होते, फोनवर बडोद्याचा दादा ओरडलेला मला इथे ऐकू आला.

ईझी अँटी-चीटवाले गेम असतील तर एक पायरी जास्त करा. गेमच्या फोल्डरमध्ये ईझी अँटी-चीटचं फोल्डर असतं, त्यात सेटअपची फाइल, ती ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवून रिपेअर दाबा. एल्डन रिंगमध्ये इनअप्रोप्रिएट ॲक्टिव्हिटी डिटेक्टेड असं वाचून लोक हादरतात, आपल्याला बॅनच केलं असं वाटतं, पण बऱ्याचदा ते बदललेल्या फाइलमुळेच असतं, मॉडमुळे रेग्युलेशन डॉट बिन बदललेली असते, व्हेरिफाय केलं की मूळ परत येते. आणि मित्रांबरोबरच खेळायचंय, मॉडही हवेत, तर त्या गेमचा सीमलेस को-ऑप मॉड आहे, तो कंपनीच्या सर्व्हरवर जातच नाही आणि सेव्ह पण वेगळं ठेवतो, त्यामुळे मूळ सेव्हला धक्का लागत नाही.

काउंटर-स्ट्राइकमध्ये व्हीएसी (स्टीमची स्वतःची अँटी-चीट) तुमचं सेशन व्हेरिफाय करू शकलं नाही असं आलं तर तो बॅन नाही. स्टीम पूर्ण बंद करून परत उघडा, व्हेरिफाय करा, तरी नाही झालं तर ॲडमिन कमांड प्रॉम्प्टमधून स्टीमच्या बिन फोल्डरमधली स्टीमसर्व्हिस स्लॅश रिपेअर लावून चालवा. खरा व्हीएसी बॅन असेल तर मात्र तो कायमचा असतो, सपोर्टला कितीही लिहिलं तरी निघत नाही, म्हणून कुणी बायपास देतो म्हणाला, अँटी-चीटला चुकवणारी फाइल देतो म्हणाला, तर हात जोडून सांगते घेऊ नका. अकाउंटवर बॅनचा शिक्का बसतो, गेम विकत घेतलेला असूनही त्याचं ऑनलाइन दार बंद, आणि त्या फाइलबरोबर पासवर्ड चोरणारा व्हायरस आला तर ते वेगळंच.

माइनक्राफ्टसारख्यात गोष्ट उलटी आहे, तिथे मॉड चालतात पण साधारणपणे सर्व्हरवर जे मॉड आहेत तेच, त्याच व्हर्जनचे सगळ्यांकडे लागतात. तिथे एररमध्ये मॉडचं नाव येतं, ते वाचा आणि मित्राकडून त्याचं मॉड्सचं फोल्डरच कॉपी करून घ्या.

मॉड कधी टाकलेच नाहीत तरी एरर येते, हे पण होतं. विंडोज सिक्युरिटीमध्ये प्रोटेक्शन हिस्टरी उघडा, अँटीव्हायरसने गेमची फाइल उचलून क्वारंटाइनमध्ये टाकली असेल तर तिथे दिसेल. स्टीम किंवा एपिकवरून विकत घेतलेला गेम असेल तरच रिस्टोअर करा आणि फोल्डर एक्स्क्लूजनमध्ये, म्हणजे अँटीव्हायरसने न तपासायच्या यादीत, टाका. कुठून तरी फुकट आणलेल्या गेमला ही सूट देऊ नका, आणि तसा गेम असेल तर त्याच्यात बहुतेक वेळा खुद्द स्टीमची फाइलच बदललेली असते, तो अधिकृत सर्व्हरवर जाणारच नाही.

अजून एक खूण लक्षात ठेवा. व्हेरिफाय तीनदा केलं आणि तिन्ही वेळा वेगवेगळ्या फाइल्स फेल झाल्या तर बहुतेक गेमचा दोष नाही, रॅम किंवा डिस्कचा आहे. माझ्या ऑफिसमधल्या एकाचं असंच होतं, नवीन रॅम टाकून बायोसमध्ये एक्सएमपी (रॅम जास्त वेगाने चालवायची सेटिंग) चालू केलं होतं, ते बंद केलं आणि सगळं शांत झालं. विंडोजचं मेमरी डायग्नोस्टिक चालवा, एकावेळी एकच रॅमची स्टिक लावून बघा, डिस्कला चेक डिस्क लावा. अँटी-चीट सिस्टिम फाइलचं नाव घेत असेल तर ॲडमिन कमांड प्रॉम्प्टमध्ये एसएफसी, मग स्पेस, मग स्लॅश आणि स्कॅननाउ, एवढं टाइप करून एंटर.

आता पुढे परत मॉड खेळायचे असतील, आणि खेळाच, स्टोरी मोडमध्ये मजा आहे त्यात. फक्त मूळ फाइल्समध्ये काही लिहू नका. ओपनआयव्ही या जीटीएच्या फाइल्स बदलायच्या प्रोग्रॅममध्ये मॉड्स फोल्डरची सोय याचसाठी आहे, बदलायची फाइल आधी त्यात कॉपी होते आणि बदल त्या कॉपीत होतो. भाच्याने आता डेस्कटॉपवर एक नोटपॅडची फाइल ठेवलीय, काय टाकलं, कुठे टाकलं, कुठल्या तारखेला, लाँच ऑप्शनमध्ये काय लिहिलं. शनिवारी रात्री दादा बडोद्याहून ऑनलाइन यायच्या आधी ती यादी उघडतो, वरून खाली एकेक फाइल मॉड-बाहेरमध्ये हलवतो, लाँच ऑप्शन खोडतो, बॅटलआय चालू करतो. मागच्या वेळी चार मिनिटं लागली म्हणाला.