अपघाताच्या केसला कोड देताना या चुका टाळा

केसपेपरवर ‘आरटीए (रस्ता अपघात), टू व्हीलर व्हर्सेस फोर व्हीलर’ एवढी एकच ओळ, आणि एमआरडीच्या, म्हणजे हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागाच्या, टेबलावर डिस्चार्ज पेपर्सचा गठ्ठा. अशा वेळी हात आपोआप व्ही ८९.२ कडे जातो: मोटार वाहनाचा रस्ता अपघात, बाकी तपशील नाही. हा कोड पुस्तकात आहे, पण तो सगळे मार्ग संपल्यावर वापरायचा. वर्षभराच्या केसेस त्यात टाकल्या, तर किती जण स्कूटरवरून पडले आणि किती जणांना चालताना उडवले, हे त्या आकड्यांतून कधीच कळणार नाही.

इथले सगळे कोड डब्ल्यूएचओच्या आयसीडी-१० मधले, म्हणजे आजार आणि इजांच्या जागतिक कोड-यादीतले आहेत. इंटरनेटवर शोधले की बहुतेक वेळा अमेरिकेचे आयसीडी-१०-सीएम समोर येते. त्यात डावा-उजवा पाय वेगळा असतो आणि शेवटी ए, डी, एस अशी अक्षरे लागतात. तिथला कोड उचलून इथल्या रजिस्टरमध्ये चिकटवू नका.

कोड अपघाताचा नसतो, पेशंटचा असतो

सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो. पहिला प्रश्न ‘कशाने ठोकले?’ हा नाही. ‘पेशंट कशावर होता?’ हा आहे. व्ही नंतरचा पहिला अंक तेच सांगतो. ० म्हणजे पादचारी, १ सायकलस्वार, २ दुचाकी, ३ रिक्षा, ४ कार, ५ पिकअप किंवा व्हॅन, ६ ट्रक-टिपर, ७ बस. त्यानंतरचा अंक समोर काय आले ते सांगतो आणि पॉइंटनंतरचा अंक पेशंट कुठे बसला होता ते.

स्कूटर आणि कारची टक्कर झाली, तीन जखमी आले. स्कूटर चालवणारा व्ही २३.४, मागे बसलेली व्ही २३.५, कारचा ड्रायव्हर व्ही ४२.५. अपघात एकच, कोड तीन. यात एक सापळाही आहे. दुचाकीत .४ म्हणजे चालक आणि .५ म्हणजे मागे बसलेला. रिक्षा, कार, ट्रक आणि बसमध्ये मात्र .५ म्हणजे चालक, .६ म्हणजे प्रवासी आणि .४ म्हणजे चढता-उतरता जखमी झालेला. दिवसभर दुचाकीच्या केसेस केल्यावर कारच्या ड्रायव्हरला सवयीने .४ दिले जाते आणि तो कागदावर कारमधून उतरताना पडलेला ठरतो. सॉफ्टवेअर हे पकडत नाही, कारण कोड वैधच असतो.

पायलटच्या (गोव्यातल्या मोटारसायकल टॅक्सीच्या चालकाच्या) मागे बसलेले गिऱ्हाईक हा दुचाकीवरचा प्रवासी, म्हणजे .५. पायलट स्वतः चालक, आणि भाडे घेऊन जात असेल तर अॅक्टिव्हिटीच्या, म्हणजे पेशंट तेव्हा काय करत होता ते सांगणाऱ्या, जादा अंकात २, म्हणजे कमाईचे काम. ‘पायलट इंजर्ड’ वाचून विमान अपघाताच्या व्ही ९५ मध्ये जाणारा कोडर गोव्याबाहेरचाच असणार!

बंद पडलेली स्कूटर ढकलणारा किंवा हायवेच्या कडेला टायर बदलणारा माणूस त्या क्षणी पादचारी धरायचा. त्याला कारने ठोकले तर व्ही ०३.१.

गुरे आडवी आली

पावसाळ्यात गुरे कोरड्या डांबरावर येऊन बसतात आणि या केसेस वाढतात. ‘कॅटल ऑन रोड’ एवढ्या नोंदीवर कोड ठरत नाही, कारण पुढे तीन वेगळ्या गोष्टी घडू शकतात. दुचाकी गुराला धडकली तर व्ही २०. गुराला चुकवताना घसरून पडला, कशालाही लागला नाही, तर व्ही २८. चुकवताना जाऊन विजेच्या खांबावर किंवा डिव्हायडरवर आदळला तर व्ही २७. नियम असा: तोल जाण्याचे कारण काहीही असो, नंतर टक्कर झाली असेल तर ती टक्कर म्हणूनच नोंदवायची. टायर फुटणे, चालकाला डुलकी लागणे यालाही हेच लागू.

‘स्किड अँड फॉल’ किंवा ‘सेल्फ फॉल फ्रॉम बाईक’ दिसले की काही जण डब्ल्यू १९, म्हणजे साधे पडणे, लावतात. चालत्या दुचाकीवरून पडणे हा वाहतूक अपघातच आहे.

रस्ता की रस्त्याबाहेर

काही लिहिलेले नसेल तर सार्वजनिक रस्त्यावरचा अपघात धरायचा. पण पर्यटकाने रेंटची कार किनाऱ्यावर नेली आणि वाळूत उलटवली, तर ते नॉन-ट्रॅफिक: चालकाला व्ही ४८.०. ‘रस्त्यावर घडले’ हे दाखवायला ठिकाणाचा अंक ४ व्ही कोडला जोडू नका; तो अंक डब्ल्यू ०० पासून पुढच्या कोडसाठी आहे.

इजेचा कोड

दाखल पेशंटचे मुख्य निदान नेहमी इजा असते, म्हणजे एस किंवा टी. व्ही जोडकोड म्हणून येतो. अपघातातल्या सबड्यूरल (मेंदूच्या आवरणाखालच्या) रक्तस्रावाला आय ६२.० देणे ही वारंवार सापडणारी चूक. तो आपोआप झालेल्या रक्तस्रावाचा कोड आहे. इथे एस ०६.५ हवा. कवटीचे फ्रॅक्चर आणि मेंदूची इजा दोन्ही असतील तर मेंदूची इजा वर.

‘पॉलीट्रॉमा’ (अनेक इजा) वाचून टी ०७ देऊन मोकळे होऊ नका. एक्स-रे, सीटी आणि ऑपरेशन नोट्स काढून एकेक इजा लिहा. टिबियाच्या (नडगीच्या हाडाच्या) शाफ्टचे कंपाउंड, म्हणजे उघडे, फ्रॅक्चर एस ८२.२१, बंद असेल तर एस ८२.२०. उघडे की बंद हे कुठेच नसेल तर बंद धरतात.

दारूबाबत रक्ताचा रिपोर्ट आल्याशिवाय वाय ९० लावू नये. १०० मिलीमध्ये २० ते ३९ मिलिग्रॅम म्हणजे वाय ९०.१. कायद्याची मर्यादा ३० आहे, म्हणजे याच कप्प्याच्या मधोमध. तेव्हा या कोडवरून ‘मर्यादेत होता’ असा अर्थ कोणी काढू नये.

दीड वर्षाने प्लेट काढायला आलेल्या पेशंटला पुन्हा एस ८२ दिले, तर एकच फ्रॅक्चर दोनदा मोजले जाते. त्याला झेड ४७.० पुरतो.

तपशील कुठे शोधायचा

कॅज्युअल्टीच्या कागदावर नसेल तर १०८ रुग्णवाहिकेचा कागद, पोलिसांना पाठवलेली एमएलसी (मेडिको-लीगल केस) सूचना, नर्सिंग नोट्स या क्रमाने बघा. ‘फोर व्हीलर’ म्हणजे कार (व्ही २३) की ट्रक (व्ही २४), हे सहसा तिथे सापडते. तरीही नाही मिळाले तर डॉक्टरांना लेखी विचारा. अंदाजाने भरू नका.

मृत्यूच्या नोंदीत क्रम उलटतो: मूळ कारण म्हणून व्ही कोड जातो, इजा त्याच्यासोबत. म्हणून फॉर्म ४ मध्ये, म्हणजे मृत्यूच्या कारणाच्या सर्टिफिकेटमध्ये, डॉक्टरांनी ‘हेड इंज्युरी’ लिहून थांबू नये. भाग १ च्या शेवटच्या ओळीत ‘स्कूटर चालवताना ट्रकची धडक’ एवढे आले की व्ही २४.४ देता येतो. ते नसेल, तर सर्टिफिकेट पुढे जाण्याआधी परत पाठवा.