चेस्टनटच्या करप्यावर विषाणूचा उतारा : व्रणावर दुबळी बुरशी कशी लावावी

चेस्टनट या खाण्याजोगी फळे देणाऱ्या झाडाच्या खोडात करपा रोगाची क्रायफोनेक्ट्रिया पॅरासिटिका ही बुरशी एकदा शिरली की तिला औषधाने मारण्याचे प्रयत्न बहुधा वाया जातात, कारण ती सालीच्या आत, लाकडाला लागून असलेल्या कोवळ्या थरात पंख्यासारखी पसरत जाते आणि बाहेरून फवारलेले द्रावण तेथवर पोहोचत नाही. इटली, फ्रान्स आणि दक्षिण स्वित्झर्लंडमधील चेस्टनटच्या बागांत जो उपाय टिकून राहिला, तो या बुरशीलाच आजारी पाडण्याचा आहे. क्रायफोनेक्ट्रिया हायपोव्हायरस-१, म्हणजेच सीएचव्ही-१, हा विषाणू ज्या बुरशीत असतो ती जिवंत राहते, सालीत वाढतेही, पण लाकडापर्यंत खोल जाऊन झाड मारण्याचे तिचे बळ ओसरते. या अवस्थेला हायपोव्हायरुलन्स म्हणतात. पुढील लेखनात विषाणूबाधित बुरशीला ‘दुबळी’ आणि विषाणूमुक्त बुरशीला ‘जोरकस’ असे म्हटले आहे.

महाराष्ट्रातील शेतकऱ्यांना जैविक नियंत्रण म्हटले की ट्रायकोडर्मा आठवतो, परंतु येथील व्यवहार निराळा आहे. ट्रायकोडर्मा ही एक बुरशी दुसऱ्या जातीच्या बुरशीवर हल्ला करते. येथे मात्र एकाच जातीची आजारी बुरशी आपला आजार निरोगी बुरशीला देते, आणि ते देणेघेणे नीट जुळले तर विषाणू पुढे आपल्या पायांनी बागेत फिरतो. हे जुळवणे हेच या कामातले खरे कौशल्य आहे, त्यामुळे या लेखातील बरीचशी जागा त्यालाच दिली आहे.

थोडी पार्श्वभूमी आवश्यक आहे. पूर्व आशियातून आलेला हा रोग 1904 मध्ये न्यूयॉर्कच्या ब्राँक्स प्राणिसंग्रहालयातील झाडांवर दिसला, आणि पुढच्या सुमारे पन्नास वर्षांत अमेरिकन चेस्टनटची अब्जावधी झाडे त्याने संपवली. युरोपात तो 1938 मध्ये इटलीतील जेनोआजवळ आढळला. तेथेही सर्वनाश होणार असे वाटत असताना 1950 च्या दशकाच्या प्रारंभी इटालियन वनस्पतिरोगतज्ज्ञ अँतोनियो बिराघी यांना काही झाडांवरील व्रण, म्हणजे सालीवरच्या रोगाच्या जखमा, आपोआप भरून येताना दिसले. फ्रेंच कवकतज्ज्ञ झाँ ग्रांत यांनी 1960 च्या दशकात अशा व्रणांतून नेहमीच्या नारिंगी बुरशीऐवजी पांढरी बुरशी वेगळी केली आणि तिचे दुबळेपण दुसऱ्या बुरशीला देता येते हे दाखवले. त्या बुरशीत दुपदरी आरएनए, म्हणजे विषाणूची खूण असलेला रेणू, असल्याचे 1977 मध्ये दिसून आले, आणि 1992 मध्ये चोई व नस या संशोधकांनी विषाणूच्या जनुकसंचाची प्रत जोरकस बुरशीत घालून ती दुबळी होते हे सिद्ध केल्यावर कारणाबद्दल शंका उरली नाही.

व्रण वाचणे

कामाचा आरंभ झाड पाहण्यापासून करावा. जोरकस बुरशीचा व्रण खोलगट किंवा फुगलेला, उभा चिरलेला असतो, सालीवर बारीक नारिंगी पुटकुळ्या उठलेल्या दिसतात, आणि व्रणाच्या वरची फांदी वाळून तिची पाने न गळता तशीच लोंबत राहतात. व्रणाच्या खाली मात्र नवे धुमारे फुटतात, कारण मुळे जिवंत असतात. कडेची साल चाकूने हलकेच उचलली तर आत फिकट पिवळसर रंगाचे पंखे दिसतात. भरून येणारा व्रण याहून वेगळा असतो: साल जाड, खरबरीत आणि सुजल्यासारखी होते, पुटकुळ्या थोड्या किंवा मुळीच नसतात, आणि वरची फांदी हिरवी असते. बागेत असे भरणारे व्रण आधीपासूनच बरेच असतील तर उपचार करण्याची घाई करू नये, कारण विषाणू तेथे आलेला असण्याचा संभव मोठा आहे आणि बाहेरची बुरशी आणून त्यात भर घालण्याने फायदा होईलच असे नाही.

नमुना घेणे आणि बुरशी वाढवणे

प्रत्येक व्रणाच्या वाढत्या कडेवरून सालीचे काही बारीक तुकडे घ्यावेत. अस्थिमज्जा काढण्यासाठी डॉक्टर वापरतात ती पोकळ सुई या कामाला फार सोयीची पडते, कारण तिने केलेली जखम लहान असते आणि रोगाला झाडात नवे प्रवेशद्वार मिळत नाही. दोन व्रणांच्या मध्ये हत्यार 70 टक्के अल्कोहोलने पुसावे. एका व्रणाची बुरशी दुसऱ्याच्या नमुन्यात मिसळली तर पुढची सगळी जुळणी चुकते, म्हणून या पुसण्याचा कंटाळा करू नये. तुकडे अल्कोहोलमध्ये अर्धा-एक मिनिट बुडवून, कोरडे करून, बटाटा-डेक्स्ट्रोज अगर या बुरशी वाढवण्याच्या माध्यमावर ठेवावेत.

पहिला आठवडा पेट्री डिश 25 अंश सेल्सिअसच्या आसपास अंधारात ठेवावी आणि दुसरा आठवडा उजेडात. नारिंगी रंग उजेडातच नीट भरतो, त्यामुळे अंधारातल्या डिशकडे पाहून ‘पांढरी आहे, म्हणजे दुबळी आहे’ असा निष्कर्ष काढणे ही नवशिक्यांची हमखास होणारी चूक आहे. उजेडातही पांढरी राहिलेली आणि बीजाणू फार कमी धरणारी बुरशी सीएचव्ही-१ ने बाधित असण्याची शक्यता दाट असते. तरीही रंगावर शेवटचा विश्वास ठेवू नये, दुपदरी आरएनए काढून किंवा आरटी-पीसीआर करून खात्री करून घ्यावी. ती सोय नसेल तर टॅनिक आम्ल मिसळलेल्या माध्यमावर बुरशी वाढवून पाहता येते. जोरकस बुरशी माध्यमाला गडद तपकिरी करते आणि दुबळी फिकट, कारण विषाणूमुळे लॅकेज या विकराचे उत्पादन घटते.

जुळणी तपासणे

सीएचव्ही-१ ला प्रथिनांचे कवच नाही. सुमारे 12,700 न्यूक्लिओटाइडांचा हा आरएनए बुरशीच्या पेशीतील पटलांच्या पिशव्यांत राहतो आणि स्वतःहून पेशीबाहेर पडत नाही. म्हणून हा विषाणू बाटलीत भरून फवारण्याची गोष्ट नव्हे. दोन बुरशींचे तंतू एकमेकांना भिडून जोडले गेले आणि एकीचा पेशीरस दुसरीत वाहिला तरच तो पलीकडे जातो. परंतु बुरशी परक्या तंतूला सहज जोडून घेत नाही. या जातीत आपले-परके ओळखणारी सहा जनुकस्थाने माहीत आहेत, प्रत्येकाची दोन रूपे धरली तर 64 गट होतात, आणि सहाही स्थाने जुळली तरच दोन बुरशी निर्वेधपणे एक होतात. एखादे स्थान वेगळे असले तर जोडाच्या ठिकाणच्या पेशी मरतात. तेवढ्यातही विषाणू कधी कधी निसटून पलीकडे जातो, पण वेगळी स्थाने जितकी जास्त तितकी ही शक्यता कमी.

तपासणीची रीत सोपी आहे. दोन बुरशींचे लहान तुकडे एका डिशमध्ये काही मिलिमीटर अंतरावर ठेवावेत आणि सुमारे आठवडाभर अंधारात वाढू द्यावे. गट एकच असेल तर दोन्ही वाढी मिसळून एकसंध दिसतात, आणि वेगळा असेल तर मध्ये स्पष्ट बांध उभा राहतो. माध्यमात ब्रोमोक्रेसॉल ग्रीन घातले तर हा बांध अधिक ठळक दिसतो. बागेतल्या नमुन्यांची प्रथम आपसांत जुळणी करावी, त्यातून किती गट आहेत ते कळते. मग प्रत्येक गटाचा एक प्रतिनिधी युरोपीय प्रमाण बुरशींशी लावून त्याचे नाव निश्चित करावे.

हा टप्पा टाळून ‘कोणतीही दुबळी बुरशी लावू, काम होईल’ असे मानणाऱ्यांना अपयशाला तोंड द्यावे लागले आहे, आणि अमेरिकेचा अनुभव याबाबत पुरेसा बोलका आहे. युरोपातील पुष्कळ बागांत मोजकेच गट असतात, म्हणून विषाणू हातोहात पसरला. पूर्व अमेरिकेच्या जंगलांत गटांची संख्या फार मोठी असल्याने तो जागोजाग अडला. विस्कॉन्सिनमधील वेस्ट सेलम येथे 1992 पासून दुबळी बुरशी सोडण्यात आली. तेथे आरंभी गटांचे वैविध्य अगदी कमी होते, तरी पुढे नवे गट आढळले आणि परिणाम संमिश्र राहिला. आपल्या बागेत चार-पाचपेक्षा अधिक गट निघाले, तर सर्व बागेऐवजी मोलाच्या मोजक्या झाडांवरच उपचार करावा, असे माझे मत आहे.

दाता निवडणे आणि तयार करणे

दाता म्हणजे विषाणू पुढे देणारी दुबळी बुरशी. बुरशीला जितके अधिक दुबळे करील तितका विषाणू चांगला, असे प्रथम कोणालाही वाटते. प्रत्यक्षात अती दुबळी बुरशी सालीत नीट वाढत नाही, बीजाणू धरत नाही, आणि उपचार केलेल्या व्रणातच विषाणूसह संपून जाते. सीएचव्ही-१ चा इटालियन उपप्रकार सौम्य आहे, फ्रेंच उपप्रकार बुरशीला जास्त जखडतो. बागभर पसरणे हा हेतू असेल तर सौम्य उपप्रकारच निवडावा. तो व्रण सावकाश भरतो, पण बीजाणूंमार्फत पुढच्या व्रणांपर्यंत जातो.

आपल्या गटाची दुबळी बुरशी हाताशी नसेल तर ती तयार करता येते. दुबळी दाता बुरशी आणि आपल्या बागेतील जोरकस बुरशी एका डिशच्या कडेला शेजारी लावाव्यात. आठवड्या-दीड आठवड्यात जोरकस बुरशीच्या बाजूने एक पांढरा पट्टा पुढे सरकताना दिसला तर विषाणू पोहोचला असे समजावे, आणि त्या पट्ट्याच्या सर्वांत दूरच्या टोकाचा तुकडा नव्या डिशवर घ्यावा. जोडाजवळचा तुकडा घेतला तर दाताच बुरशी हाती येण्याचा धोका असतो. नव्या वाढीचा गट पुन्हा तपासावा.

येथे एक अट काटेकोरपणे पाळली पाहिजे. ही बुरशी दुबळी असली तरी रोगकारक जातीचीच आहे, आणि युरोपातील काही प्रदेशांत तिच्या प्रवेशावर कडक निर्बंध आहेत. म्हणून स्थानिक वनस्पती-संरक्षण विभागाची लेखी परवानगी असल्याखेरीज ती बाहेर सोडू नये, आणि शक्यतो त्याच परिसरातील बुरशी व विषाणू वापरावेत. युरोपात शिकणाऱ्या मराठी विद्यार्थ्यांनी तिचे नमुने परवान्याविना भारतात आणण्याचा विचारही करू नये.

व्रणावर लावणे

वसंतापासून उन्हाळ्याच्या प्रारंभापर्यंत, झाडात रस वाहत असताना, हे काम करावे. डिशवर वाढलेली दुबळी बुरशी अगरसकट वाटून, थोडे निर्जंतुक पाणी घालून मलमासारखी करावी. व्रणाच्या कडेने, निरोगी आणि रोगट साल जेथे भेटते तेथे, दोन-तीन सेंटिमीटर अंतरावर लाकडापर्यंत पोहोचणारी लहान छिद्रे सर्व बाजूंनी पाडावीत, त्यांत हे मलम भरावे आणि ते वाळू नये म्हणून वरून चिकटपट्टी गुंडाळावी. वर्तुळ पूर्ण करणे महत्त्वाचे आहे, कारण मोकळी सोडलेली बाजू जोरकस बुरशीला पुरेशी होते. खोडाला जवळजवळ संपूर्ण वेढा पडलेला असेल तर उपचारात वेळ न घालवता ती फांदी किंवा ते खोड कापावे आणि खालच्या धुमाऱ्यांना वाढू द्यावे. फळबागेत खोडाला बोर्डो पेस्ट लावण्याची आपल्याकडची सवय येथे आवरावी, कारण तांब्याचे औषध आपण लावलेल्या दुबळ्या बुरशीलाही मारील.

ज्या व्रणावर काम केले त्यावर टिकाऊ खूण करून व्रणाची लांबी-रुंदी, बुरशीचा गट आणि तारीख वहीत लिहावी. त्याच ऋतूत फार काही दिसत नाही. पुढच्या वर्षी कडेला जाड साल धरू लागली आणि व्रण लांबायचा थांबला तर उपचार लागू पडत आहे. संभोगातून तयार होणाऱ्या बीजाणूंत हा विषाणू जात नाही, त्यामुळे वाऱ्याबरोबर विषाणूमुक्त बुरशी बागेत येतच राहते आणि नवे जोरकस व्रण अधूनमधून दिसतात. ते अपयशाचे लक्षण मानू नये. खरी परीक्षा दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी, ज्यांना हात लावला नाही अशा आसपासच्या व्रणांतून नमुने घेऊन करावी. त्यांतही पांढरी बुरशी निघू लागली तर तेथून पुढे छिद्रे पाडण्याचे काम थांबवता येते.